वयात येण्याआधी

फोन वाजला की बारक्या तो उचलत नसे. अगदी हाताशी असला तरी नाही. वाजू द्यायचा आणि आतल्या खोलीकडे तोंड करून हाक मारायची, "दादा, फोन!" कारण उचलला की पलीकडचा माणूस, मग तो बँकेचा असो, विम्याचा असो, नाहीतर चुकून लागलेला असो, दोन शब्द ऐकून आवाजात साखर घोळून विचारणार, "बाळा, घरात मोठं कोणी आहे का?"

बारक्याचं वय तेव्हा एकतीस होतं. उंची एवढी, की दारातून जाताना मान आपोआप खाली जाई. हातपाय लांबच लांब, हनुवटी गुळगुळीत, आणि आवाज दहा वर्षांच्या पोराचा. बारक्या हे नाव तो काम करायचा त्या स्टुडिओतल्याच कुणीतरी आवाज ऐकून ठेवलं आणि माणूस पाहिल्यावरही मागे घेतलं नाही. एकदा बँकेच्या बाईंना त्याने चिडून सांगितलं, "मॅडम, मीच खातेदार. मीच मोठा आहे." त्या हसल्या आणि म्हणाल्या, "असं खोटं बोलू नये हं." आणि खात्यावर कुणा पोराटोराने हात मारला असावा या संशयाने त्यांनी ते बंद करून टाकलं. दादाला जाऊन निस्तरावं लागलं.

पण पोट याच आवाजावर चालत होतं. बारक्या डबिंग करायचा. दुसऱ्या भाषेतली कार्टूनं आपल्या भाषेत बोलायला लागतात, तेव्हा त्यातल्या पोरांना, पिल्लांना आणि भुतांच्या लेकरांना कुणीतरी आवाज द्यावा लागतो. तो बारक्या द्यायचा. एका अस्वलाच्या पिल्लाला तर तो शाळेत असल्यापासून आवाज देत आला होता. मालिका सुरू झाली तेव्हा पिल्लू सहा वर्षांचं होतं. ते अजून सहाचंच आहे. खरी मुलं आणायची म्हणजे कटकट. ती कंटाळतात, त्यांना भूक लागते, परीक्षा असतात, आणि मालिका ऐन रंगात आली की त्यांना कंठ फुटतो. बारक्याच्या बाबतीत यातली कुठलीच भानगड नव्हती. स्टुडिओचे मालक आल्यागेल्याला त्याच्याकडे बोट दाखवून म्हणायचे, "देवाची देणगी आहे ही!" देणगी ज्याच्या गळ्यात पडली त्याला कुणी विचारलं नव्हतं.

कामात मात्र त्याचा हात धरणारा कुणी नव्हता. रेकॉर्डिंगची खोली म्हणजे भिंतींना स्पंज लावलेली एक खोपटी. समोर काच, काचेपलीकडे रेकॉर्डिस्ट. खुर्ची कुरकुरते म्हणून बारक्या उभ्यानेच काम करायचा. कागद सळसळू नयेत म्हणून ते टॉवेलावर पसरायचा. पिल्लू पळत असलं की हा चपला काढून जागच्या जागी पळायचा. पिल्लू खात असलं की हा सफरचंदाची फोड चावायचा. रडण्याचे तर त्याच्याकडे नाना प्रकार होते. पडल्याचं वेगळं, पडलो पण लागलं नाही हे कळल्याचं वेगळं, आणि आई बघते आहे हे लक्षात आल्यावरचं आणखी वेगळं. पडद्यावरच्या ओठांशी त्याचे शब्द असे जुळत, की रेकॉर्डिस्ट सुरुवातीचे दोन-तीन टेक ऐकून उरलेला वेळ मोबाइल बघत बसायचा.

पिल्लाच्या आईचा आवाज देणारी बाई बारक्यापेक्षा चार वर्षांनी लहान होती. तिला सगळे आईसाहेब म्हणत. दिवसभर एकाच माइकसमोर खांद्याला खांदा लावून उभं राहायचं, आणि हा तिला "आई, आई" म्हणणार, ती याला "सोन्या" म्हणणार. बारक्याला ती आवडायची. कधीपासून ते त्यालाही सांगता आलं नसतं. एकदा जिन्यात सगळा धीर गोळा करून तो तिला म्हणाला, "मला तू आवडतेस." ती खळखळून हसली. "अगदी पिल्लासारखं म्हणालास! परत म्हण ना." तो परत म्हणाला. ती परत हसली. तिचा काही दोष नव्हता, त्या आवाजात ते वाक्य कुणालाही गोडच वाटलं असतं. त्यानंतर बारक्याने तो विषय मनातल्या मनातच बंद केला.

घरी त्याला फुलासारखं जपायचे. बर्फ नाही, वाऱ्याला बसणं नाही, ओरडणं नाही, कुणाशी तावातावाने भांडणं तर नाहीच नाही. वडील जाऊन बरीच वर्षं झाली होती. दादाने आपली नोकरी सोडून बारक्याचं काम बघायला घेतलं होतं. तारखा तोच ठरवी, करार तोच करी, फोनवर तोच बोले. आई सकाळ-संध्याकाळ कोमट पाणी हातात देई. यात माया नव्हती असं म्हणणाऱ्याची जीभ झडेल. पण एवढ्या मायेतून बाहेर पडायला वाटच नव्हती. बारक्या खिडकीशी उभा राहून खालच्या रस्त्यावर भांडणारी माणसं बघायचा आणि त्यांचा त्याला हेवा वाटायचा.

आणखी एक गोष्ट होती, ती घराबाहेर कुणाला ठाऊक नव्हती. बारक्याला वास येत नसे. जन्मापासूनच. शेजारी दूध करपून काळं झालं तरी हा आपला संवाद वाचत बसलेला. आई पदराने धूर वारत म्हणायची, "नाक आहे, का नुसतं शोभेला लावलंय?"

मग ती फिल्म आली. शाळांमधून दाखवायची होती. विषय असा, की मुलंमुली वयात येतात म्हणजे काय होतं. एक मुलगा, एक मुलगी, आणि मधून मधून समजावून सांगणारे एक डॉक्टरकाका. मुलगा अर्थातच बारक्या. दादाने विषय न वाचताच होकार दिला होता.

पहिल्या दिवशी डॉक्टरकाकांचा भाग होता. फिल्म काढणाऱ्या संस्थेने शब्द तपासायला एक डॉक्टरीणबाई पाठवल्या होत्या, शरीरातल्या ग्रंथींच्या तज्ज्ञ. त्या काचेपलीकडे पेन्सिल कानामागे खोचून बसल्या. बारक्या आपली पाळी येईपर्यंत आत एका कोपऱ्यात हेडफोन लावून उभा होता. डॉक्टरकाकांचा आवाज देणाऱ्या नटाने वाचलं, "हा बदल यौवनारंभपूर्व होतो," आणि बाईंनी हात वर केला.

"थांबा. इथे 'पूर्व' नको. मूळ इंग्रजीत तीन वेगळे शब्द आहेत आणि तुमच्या भाषांतरकाराने तिन्हींना एकच लावलाय. प्रीप्युबर्टली म्हणजे वयात येण्याआधी. पेरिप्युबर्टली म्हणजे वयात येण्याच्या सुमारास. पोस्ट म्हणजे आल्यानंतर."

"मॅडम, पोरांना काय कळतंय त्यातलं प्री आणि पेरी," रेकॉर्डिस्ट म्हणाला.

"पोरांना तो शब्द नकाच सांगू. साधं 'आधी', 'येताना', 'नंतर' म्हणा. पण घोळ नको. आम्ही हा शब्द वापरतो तो एखादी गोष्ट कधी घडली ते सांगायला. औषध कधी सुरू केलं, ऑपरेशन कधी झालं, हाड कधी मोडलं. प्रीप्युबर्टली मोडलं असं लिहिलं, की पुढच्या डॉक्टरला कळतं, हाड वाढीचं होतं."

"म्हणजे बाराच्या आत."

"तिथेच सगळे चुकतात. हा शब्द वय सांगतच नाही. कुणी नवव्या वर्षी सुरुवात करतं, कुणी पंधराव्या. कॅलेंडर बघायचं नाही, शरीर बघायचं. शरीराने अजून सुरुवात केलेली नाही, एवढाच त्याचा अर्थ. उद्या चाळीस वर्षांचा माणूस समोर आला आणि त्याच्या शरीराने सुरुवात केलेली नसली, तर त्यालाही हाच शब्द लागेल."

रेकॉर्डिस्ट हसला. "चाळीस वर्षांचा! काय मॅडम."

आत कोपऱ्यात बारक्याने हेडफोन दोन्ही हातांनी कानावर दाबून धरला होता. बाजारातल्या कुठल्याही शर्टाची बाही त्याच्या हाताला कधी पुरली नव्हती. हा शब्द बरोब्बर मनगटापर्यंत आला.

मग त्याचा प्रवेश. मुलगा सकाळी उठतो, आईला हाक मारतो आणि हाक मधेच फाटते. "आई, माझा आवाज असा का येतोय?" एवढंच वाक्य, पण आवाज तीनदा फाटायला हवा. बारक्याने केलं. ती उचकी वाटली. पुन्हा केलं, कोंबडा आरवल्यासारखं झालं. "अरे, फाटू दे ना सरळ," रेकॉर्डिस्ट म्हणाला आणि त्याने स्वतः काढून दाखवला. डॉक्टरकाकांनी काढून दाखवला. चहा घेऊन आलेल्या माणसाने ट्रे खाली ठेवून काढून दाखवला, आणि वर सांगितलं की शाळेत कविता म्हणताना त्याची कशी फजिती झाली होती. दादा दारात उभा होता, त्यानेही काढला. सगळ्या स्टुडिओत हशा पिकला. तिथल्या प्रत्येक पुरुषाकडे तो फाटका आवाज होता, कुठेतरी जपून ठेवलेला, आणि ज्याला जगातलं कुठलंही पोर हुबेहूब करता येत होतं त्या एकट्या बारक्याकडे नव्हता. शेवटी तो तुकडा मागाहून घेऊ असं ठरलं. तसंही फिल्मचं चित्र अजून अर्धंच तयार होतं.

डॉक्टरीणबाई हसल्या नव्हत्या. सगळे चहाला गेल्यावर त्या आत आल्या. त्याच्या लांब हातांकडे, हनुवटीकडे त्यांनी एकदा पाहिलं आणि हळूच विचारलं, "एक विचारू? तुम्हाला वास येतो का?"

बारक्याने आधी दाराकडे पाहिलं. "तुम्हाला कसं कळलं?"

"काही जणांत वयात न येणं आणि वास न येणं एकत्र असतं," त्या म्हणाल्या. "परवा दवाखान्यात या. एकटे या."

तो गेला. दादाला सांगितलं, दात दाखवायला जातो. रक्त तपासलं, हाताचे, कमरेचे फोटो काढले. बाईंनी हाताचा फोटो उजेडासमोर धरला. "ही बोटांची टोकं बघा. हाडांची वाढ अजून बंद झालेली नाही. हा हात चौदा वर्षांच्या मुलाचा आहे. आणि कमरेची हाडं म्हाताऱ्या माणसाची. असंच राहिलात तर पन्नाशीत साधा पाय घसरला तरी मोडाल. सोळा-सतराचे असताना कुणाला दाखवलं नव्हतं?"

"आईने नेलं होतं एकदा. डॉक्टर म्हणाले, थांबा, वेळ आली की सगळं होईल."

बाईंनी पुढ्यातला कागद ओढला. त्यांनी सांगितलं की इंजेक्शनं घ्यावी लागतील, जन्मभर. दाढी येईल, अंग भरेल, हाडं धरतील. "आवाज जाईल," त्या म्हणाल्या. "काही महिन्यांत. आणि गेला की पुन्हा येणार नाही. तुमचं काम मी पाहिलंय, म्हणून स्पष्ट सांगते. विचार करून या."

घरी चालत येताना बारक्या तो शब्द आपल्या आयुष्याला लावत होता. वडील गेले, वयात येण्याआधी. पहिलं मत दिलं, वयात येण्याआधी. गाडी चालवायला शिकला, पासपोर्ट काढला, दादाच्या लग्नात पाहुण्यांच्या पंगतीत उभं राहून वाढलं, जिन्यात एका बाईला तू आवडतेस म्हणाला. सगळं वयात येण्याआधी. एका दुकानाच्या काचेत त्याने स्वतःला पाहिलं. कानशिलावर तीन-चार पांढरे केस होते. ते पिकले, तेही वयात येण्याआधीच. त्याला हसू आलं आणि पाठोपाठ इतकं रडू आलं, की दुकानदार बाहेर येऊन विचारायला लागला काय झालं म्हणून. बारक्याने नुसती मान हलवली. बोलला असता तर त्या भल्या माणसाने त्याच्या आईवडिलांचा पत्ता विचारला असता.

सांगायचं त्याने कितीदा तरी मनात आणलं. पण जेवायला बसलं की दादा पिल्लाच्या नव्या करारावर बोलायला लागे. आणखी तीन वर्षांचा करार येणार होता. वहिनी म्हणाली होती, स्वयंपाकघर मोठं करून घेऊ. आई बारक्याच्या पानात आधी वाढायची. कुणाकुणाचा घास काढून घ्यायचा आपण? बारक्या मान खाली घालून जेवायचा. तोंड उघडलं तर पिल्लूच बोलेल, आणि पिल्लाचं म्हणणं या घरात कधीच कुणी मनावर घेतलं नव्हतं. शेवटी कुणाला न सांगता त्याने पहिलं इंजेक्शन घेतलं. नर्सने दंडाला स्पिरिट लावता लावता विचारलं, "भीती वाटते का बाळा?" आणि वर बघून जीभ चावली.

पहिले काही आठवडे काहीच झालं नाही. मग नाकावर एक पुटकुळी आली. मग झोप येईना, भूक आवरेना, वहिनीने साधं मीठ मागितलं तरी डोकं फिरे. आणि एके दिवशी सकाळी आईला हाक मारताना "आ" वर निघाला आणि "ई" तळाशी जाऊन पडली.

घरभर एकच धावपळ उडाली. सर्दी झाली! दादाने खिडक्या लावल्या. वहिनीने वाफेचं भांडं मांडलं. आईने मिठाच्या पाण्याचा पेला आणला आणि समोर उभी राहून गुळण्या करवून घेतल्या. गळ्याला मफलर गुंडाळला. या घरात आवाज बिघडला की तो सर्दीनेच बिघडायचा. दुसरं कारण कुणी बोलूनही दाखवलं नाही. एकतीस वर्षांचा माणूस वयात येत होता आणि घरचे त्याला वाफ देत होते. बारक्या टॉवेलाखाली डोकं घालून बसायचा. तिथे गरम, ओल्या अंधारात तो हळूच, ओठांतल्या ओठांत, आपला नवा आवाज काढून बघायचा. टॉवेल बाजूला झाला की पुन्हा गप्प. घरात असतानाही त्याला आता घरच्यांपासून लपून राहावं लागत होतं.

सर्दी जाईना. दादाने काम पुढे ढकललं, मग आणखी पुढे ढकललं. शेवटी स्टुडिओचा निरोप आला, की फिल्मचा राहिलेला तुकडा आणि पिल्लाचे दोन भाग आजच्या आज हवेत.

बारक्या मफलर काढून माइकसमोर उभा राहिला. पडद्यावर फिल्ममधला मुलगा अंथरुणात उठून बसला. "आई, माझा आवाज असा का येतोय?" आवाज फाटला. तीनदा, जिथे हवा तिथे. रेकॉर्डिस्ट खुर्चीतून उठला. "शाब्बास रे पठ्ठ्या! कुठे लपवला होतास?" बारक्याने टॉवेलावरचा कागद उलटला.

मग पिल्लू आलं. पिल्लाला झाडावर पोळं दिसतं आणि ते ओरडतं, "आई, मध!" बारक्या ओरडला. मध फाटला. पुन्हा ओरडला. पुन्हा फाटला. रेकॉर्डिस्टचा चेहरा उतरत गेला. मालकांना बोलावलं, मालकांनी दादाला बोलावलं. बारक्या डोळे मिटून, टाचा उंचावून, गळ्याच्या शिरा ताणून पिल्लाला शोधत होता, आणि पिल्लू सापडत नव्हतं. शेजारी उभ्या असलेल्या आईसाहेबांनी पाण्याचा पेला त्याच्या हातात दिला. "तुम्ही बसा जरा," ती म्हणाली. इतक्या वर्षांत ती त्याला अरे-तुरेच करत आली होती. आपण काय म्हणालो ते तिच्या लक्षातही आलं नाही. बारक्याच्या आलं.

रस्त्यात दादा म्हणाला, "चल, आत्ताच्या आत्ता घशाच्या डॉक्टरकडे."

"मी गेलो होतो, दादा. घशाच्या नाही." आणि त्याने फुटपाथवरच सगळं सांगून टाकलं.

दादा इतका ओरडला, की लोक वळून बघायला लागले. "मला विचारावंसं वाटलं नाही? मी नोकरी सोडली तुझ्यासाठी! या वयात कुठे जाऊ मी आता? काय कमी केलं होतं रे तुला?" त्याचंही खोटं नव्हतं, त्याच्या पायाखालची जमीन सरकली होती. बारक्याला खूप बोलायचं होतं. पण पहिला शब्द खालून निघाला आणि दुसरा चिरकला, आणि दादा पाठ फिरवून निघून गेला.

घरी आई स्वयंपाकघरात होती. गॅसवर दूध. तिने सवयीने मिठाच्या पाण्याचा पेला पुढे केला. "गुळण्या कर."

"आई, ही सर्दी नाही."

"माहीत आहे मला."

बारक्याने पेल्याला हात लावला नाही.

"पहिल्या दिवसापासून माहीत आहे," आई म्हणाली. पेला अजून तिच्या हातातच होता. "डॉक्टरांनी सांगितलं होतं ना. आधी सर्दी झाल्यासारखं वाटेल, घाबरू नका, म्हणाले होते."

"कुठले डॉक्टर?"

"तू सोळाचा होतास तेव्हाचे."

"ते तर थांबा म्हणाले होते."

"तुला बाहेर बसवलं होतं मी. ते म्हणाले, थांबू नका. थांबा, मी म्हणाले." तिने पेला ओट्यावर ठेवला. "तुझे बाबा अंथरुणाला खिळलेले. दादाचं शिक्षण अर्धवट. आणि त्याच महिन्यात ते पिल्लाचं काम आलं. म्हटलं, एक वर्ष. वर्षभरात तुझे बाबा गेले. म्हटलं, आणखी एक. मग दादाचं लग्न. मग मला लाजच वाटायला लागली. इतका उशीर केल्यावर कुठल्या तोंडाने सांगायचं? रोज वाटायचं, आपोआप होईल. त्या सकाळी तुझी हाक ऐकली आणि मला कळलं, झालं. तरी पाणी तापवलं मी. वाटलं, सर्दीच असू दे."

बारक्याला ओरडायचं होतं. आयुष्यात पहिल्यांदा पोटातून, घर हादरेल असं ओरडायचं होतं. "तू माझी..." तो म्हणाला, आणि आवाज वर चढता चढता मोडला आणि पिल्लूच बाहेर आलं, रडवेलं. आईने ते ऐकलं आणि तोंडावर पदर धरला. त्याला संताप धड करताही येत नव्हता. तो थांबला. खोल श्वास घेतला, आणि खालून, हळू, एकेक शब्द उचलून आणल्यासारखा बोलला, "मी मोठा झालो असतो, आई."

"हो," आई म्हणाली.

तिने माफी मागितली नाही आणि त्याने ती दिली नाही. दूध उतू गेलं, मग करपायला लागलं. आईला वास आलाच असणार, पण ती जागची हलली नाही. बारक्याला धूर दिसला तेव्हा त्यानेच पुढे होऊन गॅस बंद केला. मग त्याने तो पेला उचलला, पाणी मोरीत ओतलं आणि पेला विसळून पालथा घातला.

पुढे स्टुडिओतून बोलावणी येईनाशी झाली. पिल्लाला आता एक बाई आवाज देते आणि बरा देते. दादाला एका गोदामात काम मिळालं. तो बारक्याशी बोलतो, पण कामापुरतं. स्वयंपाकघर होतं तेवढंच राहिलं. बारक्याला भारदस्त आवाज आला, दाढी आली, आणि हाताला काम काहीच राहिलं नाही. मोठ्या माणसांचे आवाज काढणारे बाजारात रग्गड आहेत. त्यात हा सर्वांत नवखा. दिवसचे दिवस तो त्याच खिडकीशी उभा राहतो. खाली माणसं भांडतात. आता त्यालाही भांडता येईल, पण कुणाशी, हेच त्याला कळत नाही. कधी कधी रिकाम्या घरात तो पिल्लाला हाक मारून बघतो. ते ओ देत नाही. त्याची त्याला फार आठवण येते, हेही खरं आहे.

एके दिवशी दुपारी फोन वाजला. बारक्याचं तोंड सवयीने आतल्या खोलीकडे वळलं, पण दादा कामावर होता. वाजून वाजून बंद होईल म्हणून त्याने वाट पाहिली. होईना. त्याने उचलला.

"हॅलो."

"नमस्कार साहेब," पलीकडून कुणी अनोळखी माणूस अदबीने बोलत होता. "नवीन स्टुडिओतून बोलतोय. आपल्याकडे तो लहान मुलगा आहे ना, अस्वलाच्या पिल्लाचा आवाज देणारा? एक मोठं काम होतं. जरा देता का त्याला फोन?"

बारक्याने मान वळवली. आई स्वयंपाकघराच्या दारात आली होती. ओले हात पदराला पुसायचे तिचे राहून गेले होते. तिला पलीकडचं काही ऐकू येत नव्हतं, तरी ती बारक्याच्या तोंडाकडे बघत होती.

"साहेब? आहे का तो घरात?"

"नाही," बारक्या म्हणाला. "घरात लहान कोणी नाही." आणि त्याने फोन ठेवला.

"कुणाचा होता रे?" आईने विचारलं.

"माझा होता," तो म्हणाला.